ढालीवरचे पाणी : कुलचिन्हांतील लाटा, झरे आणि थेंब

पाण्याला स्वतःचा रंग नाही आणि आकारही नाही. असे पाणी ढालीवर रंगवायचे आणि तेही दूर उभ्या असलेल्या माणसाला क्षणात ओळखू येईल असे, हा प्रश्न मध्ययुगीन युरोपातील चितारी आणि भाट यांच्यापुढे सुमारे आठशे वर्षांपूर्वी उभा राहिला. त्यांनी शोधलेले उत्तर आजही टिकून आहे. निळ्या आणि रुपेरी रंगांच्या, एकाआड एक मांडलेल्या नागमोडी पट्ट्या दिसल्या की ते पाणी समजायचे. युरोपातील सरदारांची कुलचिन्हे, शहरांची मानचिन्हे, वसाहतींची राजचिन्हे आणि पॅसिफिक महासागरातील चिमुकल्या देशांचे ध्वज या सर्वांवर हीच खूण आढळते.

मात्र या लाटा केवळ शोभेसाठी काढलेल्या नाहीत. ज्याच्या ढालीवर पाणी आहे, तो त्या पाण्याशी असलेले आपले नाते जाहीर करीत असतो. हा झरा आमच्या जमिनीत उगम पावतो, या नदीवरचा व्यापार आमच्या हाती आहे, ही भूमी आम्ही समुद्राकडून हिसकावून घेतली आहे, असे काहीतरी त्या चार-सहा रेघा सांगत असतात. कालांतराने झरा दुसऱ्याच्या मालकीचा होतो, सत्ता जाते, समुद्र उलटतो. चिन्हावरचे पाणी मात्र होते तसेच राहते. त्यामुळे ही चिन्हे म्हणजे माणूस आणि पाणी यांच्या बदलत्या संबंधांची नोंदवहीच ठरली आहेत.

चिन्हांची भाषा

कुलचिन्हविद्या, अर्थात हेराल्ड्री, पश्चिम युरोपात बाराव्या शतकाच्या मध्यास आकाराला आली. चेहरा झाकणाऱ्या शिरस्त्राणामुळे रणांगणात आणि भालायुद्धांच्या स्पर्धांत योद्धा ओळखणे अवघड होऊ लागले होते. त्यामुळे ढाल, अंगरखा आणि निशाण यांवर ठरावीक चिन्ह रंगविण्याची प्रथा पडली. ही चिन्हे ओळखून योद्ध्यांची नावे पुकारणारे ते 'हेराल्ड'. पुढे चिन्हांची नोंद ठेवणे, तंटे सोडविणे आणि नवी चिन्हे देणे ही कामेही त्यांच्याकडे आली. इंग्लंडमध्ये राजा तिसरा रिचर्ड याने १४८४ मध्ये या अधिकाऱ्यांना सनद दिली. तेव्हा स्थापन झालेले 'कॉलेज ऑफ आर्म्स' आजही लंडनमध्ये कार्यरत आहे.

या विद्येचे नियम मोजके, पण काटेकोर आहेत. सोनेरी आणि रुपेरी या दोन छटांना 'धातू' म्हणतात, तर तांबडा, निळा, काळा, हिरवा आणि जांभळा हे 'रंग' मानले जातात. धातूवर धातू अथवा रंगावर रंग ठेवायचा नाही, हा मुख्य दंडक. दुरून चिन्ह स्पष्ट दिसावे, हा त्यामागील व्यावहारिक हेतू. निळ्या पट्टीशेजारी रुपेरी पट्टी आली की दोन्ही उठून दिसतात. पाण्यासाठी हीच जोडी रूढ होण्यामागे नजरेची ही सोय होतीच. शिवाय निळाई पाण्याच्या खोलीची आणि रुपेरी छटा त्यावरील चकाकीची आठवण करून देते.

दुसरा दंडक याहून महत्त्वाचा आहे. कुलचिन्हाचे अधिकृत स्वरूप चित्रात नसते, शब्दांत असते. चिन्हाचे शास्त्रोक्त वर्णन हेच प्रमाण मानले जाते आणि इंग्लंडमध्ये त्या वर्णनाची भाषा अजूनही जुन्या फ्रेंच शब्दांनी भरलेली आहे. निळ्यासाठी 'अझ्युअर', रुपेरीसाठी 'आर्जंट' आणि आडव्या नागमोडी पट्ट्यांसाठी 'बॅरी वेव्ही' असे शब्द वापरले जातात. शब्दांशी इमान राखून लाटा उंच काढायच्या की सपाट, हे चित्रकाराने ठरवावे. एकाच घराण्याच्या चिन्हातील पाणी म्हणूनच एका शतकात शांत तळ्यासारखे, तर दुसऱ्या शतकात उधाणलेल्या समुद्रासारखे दिसते.

मुद्रा, नाणी आणि छापील पुस्तके यांत रंग दाखविण्याची सोय नसे. त्यावर उपाय म्हणून सतराव्या शतकात रेघांची सांकेतिक पद्धत प्रचारात आली. सिल्व्हेस्टर पेट्रा सँक्टा या जेझुइट पंडिताच्या १६३८ मधील ग्रंथामुळे तिचा सर्वत्र प्रसार झाला. तीनुसार आडव्या बारीक रेघा म्हणजे निळा, उभ्या रेघा म्हणजे तांबडा, तर कोरी जागा म्हणजे रुपेरी. जुन्या नाण्यांवर आणि मोहरांवर एक पट्टी आडव्या रेघांची आणि दुसरी कोरी अशा लाटा आढळतात, त्यांचे कारण हेच.

सहा झऱ्यांची ढाल

पाण्याच्या चिन्हांमध्ये सर्वांत वैशिष्ट्यपूर्ण चिन्ह 'फाउंटन' हे होय. नावावरून कारंजे डोळ्यांपुढे येत असले तरी कुलचिन्हविद्येत फाउंटन म्हणजे एक वाटोळी चकती असते आणि तिच्यावर रुपेरी-निळ्या नागमोडी पट्ट्या असतात. विहिरीत वरून डोकावल्यावर जसे पाणी दिसावे, तसे हे चिन्ह दिसते. उसळत्या पाण्याचे खरेखुरे कारंजे दाखवायचे झाल्यास वर्णनात तसा स्वतंत्र उल्लेख करावा लागतो.

या चिन्हाचे प्रसिद्ध उदाहरण इंग्लंडमधील स्टॉर्टन घराण्याचे आहे. काळी ढाल, तिच्यावर एका कोपऱ्यातून दुसऱ्या कोपऱ्याकडे जाणारा तिरपा सोनेरी पट्टा आणि त्याच्या दोन्ही बाजूंना तीन-तीन फाउंटन, असे हे चिन्ह आहे. विल्टशायर परगण्यातील स्टॉर्टन गावाजवळ स्टूर नदी सहा झऱ्यांतून उगम पावते, ते हे सहा झरे. सोळाव्या शतकात इंग्लंडभर फिरून नोंदी करणाऱ्या जॉन लेलँड या प्रवासी विद्वानाने हे सहा झरे आणि स्टॉर्टन उमरावाचे चिन्ह यांचा संबंध नोंदवून ठेवला आहे. तीन झरे त्याच्या राखीव कुरणाच्या कुंपणाआत, तर तीन कुंपणाबाहेर होते, असेही तो सांगतो. सोनेरी पट्ट्याच्या अलीकडे तीन आणि पलीकडे तीन झरे असलेली ढाल म्हणजे जणू त्या जमिनीचा नकाशाच झाली.

ही जहागीर स्टॉर्टन घराण्याकडे कायम राहिली नाही. १७१७ मध्ये ती लंडनमधील होअर या सावकारी पेढीच्या मालकांनी विकत घेतली. जुना वाडा पाडून नवे घर बांधण्यात आले. अठराव्या शतकाच्या मध्यास दुसऱ्या हेन्री होअरने स्टूरच्या उगमाजवळचा प्रवाह बांध घालून अडविला आणि तेथे विस्तीर्ण तळे निर्माण केले. या तळ्याभोवतीची 'स्टॉरहेड' ही बाग आज इंग्लंडमधील नामांकित बागांपैकी एक असून १९४६ पासून ती नॅशनल ट्रस्ट या संस्थेकडे आहे. बागेपलीकडच्या एका खोऱ्याला अजूनही 'सिक्स वेल्स बॉटम' असे नाव आहे. झऱ्यांची जमीन जाऊन तीनशेहून अधिक वर्षे लोटली, तरी स्टॉर्टन घराण्याच्या ढालीवरचे सहा झरे तसेच आहेत.

नावातले पाणी

घराण्याच्या नावावर श्लेष साधणारी चिन्हे युरोपात लोकप्रिय होती. त्यांना 'बोलकी चिन्हे' म्हणतात. उत्तर इंग्लंडमध्ये ओढ्याला अथवा झऱ्याला 'साइक' असा जुना शब्द आहे. त्यावरून साइक्स घराण्याने आपल्या ढालीवर तीन फाउंटन घेतले. गॉर्जेस घराण्याने पाण्याचा भोवरा स्वीकारला. ढालीच्या मध्यातून निघून गरगरत कडेपर्यंत जाणारी निळी रेघ असे त्याचे रूप आहे. लूसी घराण्याच्या ढालीवर 'लूस' जातीचे तीन मासे आहेत. मासा पोहताना आडवा असेल तर त्याच्यासाठी एक शब्द, आणि श्वास घेण्यासाठी तोंड वर करून उभा असेल तर दुसरा शब्द, इतका बारकावा या परिभाषेत पाळला जातो.

समुद्राचा प्राणी चिन्हातून थेट राजपदाच्या नावात गेल्याचेही उदाहरण आहे. फ्रान्सच्या आग्नेय भागातील दोफिने प्रांताच्या अधिपतींच्या ढालीवर डॉल्फिन मासा होता. १३४९ मध्ये शेवटचा अधिपती दुसरा हुंबर्ट याने हा प्रांत फ्रेंच राजघराण्याकडे सोपविला. तेव्हापासून फ्रान्सच्या युवराजाला 'दोफँ', म्हणजे डॉल्फिन, हा किताब मिळाला आणि त्याच्या ढालीवर राजघराण्याच्या लिली फुलांसोबत निळा डॉल्फिनही आला.

थेंबांचीही स्वतंत्र व्यवस्था आहे. ढालीवर शिंपडल्यासारखे थेंब काढले असतील तर त्यांच्या रंगावरून अर्थ ठरतो. रुपेरी थेंब पाण्याचे, निळे थेंब अश्रूंचे, तांबडे रक्ताचे, काळे डांबराचे, हिरवे ऑलिव्हच्या तेलाचे आणि सोनेरी थेंब वितळलेल्या सोन्याचे मानले जातात. पाणी आणि अश्रू यांत फरक फक्त रुपेरी आणि निळ्या छटेचा, हे या संकेतांचे एक हृद्य वैशिष्ट्य म्हणावे लागेल.

उतार, नौका आणि नदीवरचा हक्क

शहरांच्या चिन्हांत पाणी आले ते बहुधा त्या शहराच्या जन्मकथेसह. नदीचा उथळ उतार, बंदर अथवा पूल यांच्याभोवती वस्ती वाढली आणि तीच खूण शहराने मिरविली. ऑक्सफर्ड म्हणजे बैलांचा उतार. शहराच्या ढालीवर तांबडा बैल निळ्या-रुपेरी लाटा ओलांडताना दिसतो. जगभर विद्यापीठासाठी ओळखल्या जाणाऱ्या या शहराने आपल्या चिन्हात नदी ओलांडणाऱ्या जनावराची आठवण जपली आहे.

पॅरिसच्या चिन्हावर लाटांवर स्वार झालेली नौका आहे. तिचे मूळ सीन नदीवरील व्यापाऱ्यांच्या संघात आढळते. 'पाण्याचे व्यापारी' या नावाने ओळखल्या जाणाऱ्या या संघाला बाराव्या शतकात राजा सातवा लुई याने नदीवरील वाहतुकीचे विशेष अधिकार दिले. शहराला लागणारे धान्य, मद्य, मीठ आणि लाकूड नदीमार्गे येत असल्याने हा संघ प्रबळ झाला आणि त्याचा प्रमुखच पुढे नगराचा कारभारी ठरला. तेराव्या शतकाच्या आरंभी या संघाच्या मोहरेवर असलेली नौका अशा रीतीने साऱ्या शहराची खूण बनली. 'फ्लुक्तुआत नेक मेर्गितुर' हे तिचे लॅटिन बोधवाक्य. लाटांवर हेलकावते, पण बुडत नाही, असा त्याचा आशय. शहराचा कायापालट घडविणारे प्रशासक बॅरन होसमान यांनी १८५३ मध्ये त्याला अधिकृत मान्यता दिली. नोव्हेंबर २०१५ मध्ये पॅरिसवर झालेल्या दहशतवादी हल्ल्यांनंतर हेच वाक्य नागरिकांनी भिंतींवर रंगविले आणि ते आयफेल टॉवरवरही झळकले. व्यापाऱ्यांच्या हक्काची खूण संकटातील धीराची खूण झाली.

लंडनमध्ये टेम्स नदीने अनेक कारभार पाहिले. लंडन काउंटी कौन्सिलला १९१४ मध्ये मिळालेल्या ढालीवर निळ्या-रुपेरी सहा नागमोडी पट्ट्या होत्या. १९६५ मध्ये ही संस्था संपुष्टात येऊन ग्रेटर लंडन कौन्सिल आले. त्याच्या ढालीवरही त्याच सहा पट्ट्या होत्या. फरक इतकाच की आता रुपेरी पट्टी आधी आणि निळी नंतर होती. १९८६ मध्ये हेही कौन्सिल बरखास्त झाले.

लाटांतून वर येणारा सिंह

पाण्याशी झुंज हा ज्यांच्या जगण्याचाच भाग आहे, त्यांच्या चिन्हांत लाटांचा अर्थ पालटतो. नेदरलँड्सच्या नैर्ऋत्येकडील झीलंड प्रांताची ढाल याची साक्ष देते. ढालीचा खालचा अर्धा भाग निळ्या-रुपेरी लाटांनी व्यापला आहे आणि त्या लाटांतून एक तांबडा सिंह कमरेपर्यंत वर आला आहे. 'लुक्टोर एट एमेर्गो', म्हणजे 'मी झुंजतो आणि वर येतो', हे त्याचे बोधवाक्य. सोळाव्या शतकाच्या उत्तरार्धात स्पेनच्या सत्तेविरुद्धच्या लढ्यात ते प्रचारात आले. त्यामुळे झुंज कोणाशी, स्पेनशी की समुद्राशी, याचे उत्तर दोन्हींशी असे द्यावे लागते. बेटे आणि खाड्या यांनी बनलेल्या या प्रांतातील बरीच जमीन बांध घालून समुद्राकडून मिळविलेली आहे.

१ फेब्रुवारी १९५३ च्या मध्यरात्रीनंतर उत्तर समुद्रातील वादळ आणि मोठी भरती एकत्र आली. झीलंड आणि लगतच्या प्रांतांतील बांध फुटले आणि नेदरलँड्समध्ये १,८३६ माणसे मृत्युमुखी पडली. त्यानंतर देशाने 'डेल्टा वर्क्स' हा बांध, दरवाजे आणि भरतीरोधकांचा प्रचंड प्रकल्प हाती घेतला. पूर्व शेल्ट खाडीच्या मुखावरील सुमारे नऊ किलोमीटर लांबीचा भरतीरोधक ४ ऑक्टोबर १९८६ रोजी राणी बिआट्रिक्स यांच्या हस्ते कार्यान्वित झाला. खाडी पूर्णपणे बुजविण्याचा मूळ बेत होता. परंतु मच्छीमार आणि पर्यावरणप्रेमी यांच्या विरोधानंतर एरवी उघडे राहणारे आणि केवळ वादळात बंद होणारे दरवाजे बसविण्यात आले. पाण्याला कायमचे बाहेर ठेवण्याऐवजी त्याच्याशी रोजचा व्यवहार ठेवायचा, ही भूमिका त्यामागे होती. ढालीवरचा सिंहही लाटांतून पूर्ण बाहेर पडलेला नाही, हे येथे लक्षात घेण्याजोगे आहे.

साम्राज्याच्या लाटा आणि गोवा

युरोपीय सत्ता समुद्रमार्गे जगभर पसरल्या, तेव्हा त्यांच्याबरोबर ही चिन्हेही गेली. वसाहतींच्या ढालींवरील लाटा म्हणजे आपल्या जहाजांनी ओलांडलेला समुद्र. कॅनडातील ब्रिटिश कोलंबिया प्रांताच्या ढालीवर पॅसिफिकच्या निळ्या-रुपेरी लाटांवर टेकलेला सूर्य आहे. आर्थर बीनलँड्स या धर्मगुरूने केलेल्या मूळ आराखड्यात सूर्य वर आणि ब्रिटिश ध्वज खाली होता. साम्राज्याच्या ध्वजावर मावळता सूर्य कसा चालेल, हा विचार पुढे आला आणि १९०६ मध्ये मंजूर झालेल्या चिन्हात ध्वज वर, तर सूर्य आणि लाटा खाली गेल्या. 'अस्त नसलेले वैभव' या आशयाचे लॅटिन बोधवाक्य सोबत आहेच.

या परंपरेचा एक धागा थेट गोव्यापर्यंत येतो. पोर्तुगालने १९३५ मध्ये आपल्या सर्व वसाहतींसाठी एकाच साच्यातील मानचिन्हे ठरविली. प्रत्येक ढालीचे तीन भाग होते. एका भागात पोर्तुगालच्या राजचिन्हातील पाच लहान निळ्या ढाली, दुसऱ्यात त्या त्या वसाहतीची स्वतंत्र खूण आणि खालच्या टोकाला हिरव्या-रुपेरी नागमोडी पट्ट्या. पोर्तुगीज चिन्हांत समुद्र बहुधा हिरवा असतो. पोर्तुगीज इंडियाच्या भागात संत कॅथरिनचे चक्र होते, कारण आफोंसो द आल्बुकर्क याने गोवा अखेर जिंकले तो २५ नोव्हेंबर १५१० हा या संतेचा सणाचा दिवस होता. आफ्रिकेतील अंगोलापासून चीनच्या किनाऱ्यावरील मकाऊपर्यंत सर्वत्र खालचे पाणी एकच होते. भूमी निरनिराळ्या, पण समुद्र आमचा, असा हा दावा होता. १९ डिसेंबर १९६१ रोजी गोवा मुक्त झाले आणि तेथे या दाव्याला अर्थ उरला नाही. आज गोवा राज्याच्या मानचिन्हात वृक्षदीप आहे.

माही मरातिब ते त्रिवेणी संगम

भारतात ढालीवर रंगविण्याच्या वंशपरंपरागत चिन्हांची युरोपसारखी बांधीव व्यवस्था नव्हती. येथे मान दिला जाई तो निशाण, छत्र, नौबत आणि मोर्चेल यांच्या रूपाने. त्यातही पाण्याशी नाते सांगणारे एक प्रतिष्ठेचे चिन्ह होते, ते म्हणजे मोगल दरबाराचे 'माही मरातिब'. माही हा मासा या अर्थाचा फारसी शब्द आहे. उंच काठीवर बसविलेले माशाचे सोनेरी मुख हत्तीवरून मिरवीत नेले जाई आणि हा मान मोजक्याच सरदारांच्या वाट्याला येई. मराठ्यांच्या इतिहासात त्याला विशेष स्थान आहे. १७९२ मध्ये महादजी शिंदे पुण्यास आले आणि बादशहाकडून मिळविलेल्या 'वकील-इ-मुतलक' पदाची वस्त्रे त्यांनी सवाई माधवराव पेशव्यांना समारंभपूर्वक अर्पण केली. त्या मानचिन्हांत मासा आणि सूर्य यांची निशाणेही होती.

अवधच्या नबाबांनी हाच मासा जोडीने स्वीकारला. लखनौतील इमामबाडे आणि कैसरबाग यांच्या दरवाजांवर माशांच्या जोड्या आजही दिसतात. पुढे ब्रिटिश काळात संयुक्त प्रांतासाठी मानचिन्ह तयार झाले, तेव्हा या दोन्ही परंपरांची गाठ पडली. त्यात अवधचे दोन मासे आहेत, श्रीरामाचे धनुष्यबाण आहे आणि मध्यभागी दोन नागमोडी प्रवाह एकत्र येऊन खाली एकच प्रवाह होतो, तो प्रयागचा संगम आहे. दोन नद्यांच्या मीलनासाठी येथे युरोपीय कुलचिन्हविद्येतील तिहेरी पट्ट्याचा आकार वापरण्यात आला. स्वातंत्र्यानंतर उत्तर प्रदेश राज्याने हे चिन्ह कायम ठेवले. इंग्रजी साच्यातून आलेल्या रेघांनी गंगा-यमुना दाखविणारे हे चिन्ह राज्याच्या सरकारी कागदांवर आजही छापले जाते.

१८७७ च्या दिल्ली दरबारात लॉर्ड लिटन यांनी संस्थानिकांना इंग्रजी धाटणीची चिन्हे असलेली निशाणे दिली. बंगालमधील सनदी अधिकारी रॉबर्ट टेलर यांनी ती चिन्हे रचली होती. त्रावणकोरसारख्या संस्थानाचा शंख या नव्या व्यवस्थेतही टिकला. पद्मनाभस्वामींची आणि समुद्राची आठवण देणारा हा शंख केरळ राज्याच्या मानचिन्हात आजही आहे.

भारतीय नौदलानेही ही चित्रभाषा आपलीशी केली आहे. अनेक युद्धनौकांच्या मानचिन्हांच्या तळाशी निळ्या-पांढऱ्या लाटा असतात आणि वर त्या नौकेच्या नावाशी निगडित खूण असते. २ सप्टेंबर २०२२ रोजी कोची येथे नौदलाच्या नव्या ध्वजाचे अनावरण झाले. त्यावरील अष्टकोनाची प्रेरणा छत्रपती शिवाजी महाराजांच्या राजमुद्रेवरून घेण्यात आली असून त्यात नांगर आणि 'शं नो वरुणः' हे बोधवाक्य आहे. वरुण आमच्यासाठी कल्याणकारी असो, अशी ही जलदेवतेची प्रार्थना आहे. युरोपीय ढालींवरील पाणी बहुधा हक्क सांगते. येथे मात्र पाण्याकडे मागणे मागितले आहे.

लाटा उंबरठ्यावर

पाण्याच्या चिन्हाचा अर्थ आपल्या डोळ्यांदेखत बदलत असल्याचे उदाहरण पॅसिफिक महासागरात आहे. गिल्बर्ट आणि एलिस बेटांच्या ब्रिटिश वसाहतीला १९३७ मध्ये मानचिन्ह मिळाले. तेथे अधिकारी म्हणून काम केलेल्या आर्थर ग्रिंबल यांनी त्याचा आराखडा केला होता. तांबड्या आकाशात उगवता सूर्य, त्यावर उडणारा फ्रिगेट पक्षी आणि खाली निळ्या-पांढऱ्या लाटा. १२ जुलै १९७९ रोजी गिल्बर्ट बेटे 'किरिबाटी' या नावाने स्वतंत्र झाली, तेव्हा याच चित्राचा राष्ट्रध्वज झाला. वसाहतीच्या काळातील रेघांना लोकांनी नवा अर्थ दिला. तीन पांढऱ्या लाटा म्हणजे गिल्बर्ट, फिनिक्स आणि लाइन हे देशाचे तीन द्वीपसमूह.

या देशाची बहुतेक बेटे प्रवाळांची असून समुद्रसपाटीपासून जेमतेम दोन-तीन मीटर उंच आहेत. तापमानवाढीमुळे समुद्राची पातळी वाढत आहे. मोठ्या भरतीचे पाणी वस्तीत शिरते आणि विहिरींचे गोडे पाणी खारट होते. २००३ ते २०१६ या काळात राष्ट्राध्यक्ष असलेले आनोते टाँग यांनी हा प्रश्न जगापुढे सातत्याने मांडला. २०१४ मध्ये त्यांच्या सरकारने फिजी देशातील वानुआ लेवू बेटावर सुमारे २० चौरस किलोमीटर जमीन विकत घेतली. तेथे शेती करावी आणि वेळ पडल्यास आसराही मिळावा, असा हेतू त्यामागे होता. नंतरच्या सरकारने स्थलांतराऐवजी आहे तेथेच तग धरून राहण्यावर भर दिला. वाद धोरणाचा आहे, धोका मात्र दोघांनाही मान्य आहे.

स्टॉर्टनच्या उमरावाने झरे ढालीवर घेतले ते आपल्या मालकीचे म्हणून. पॅरिसच्या व्यापाऱ्यांनी नदी मिरविली ती हक्काची म्हणून. झीलंडने समुद्राशी झुंज मांडली आणि पोर्तुगालने त्यावर स्वामित्व सांगितले. किरिबाटीच्या ध्वजावर तेच पाणी देशाचे दुसरे नाव बनून आले आहे आणि तेच देशाच्या जमिनीवर चढत आहे. ढालीवरची लाट किती उंच काढायची, हे ठरविण्याची मुभा कुलचिन्हांच्या शास्त्राने चित्रकाराला दिली आहे. बेटांवर राहणाऱ्या माणसांना मात्र ती मुभा नाही.